सुरतेचे हरिभाई

सुरतेचे नाव निघाले की मराठी माणसास दोन प्रसंग आठवतात. पहिला १६६४ सालचा आणि पुन्हा १६७० सालचा, म्हणजे शिवछत्रपतींच्या स्वारीचा. दुसरा १९०७ सालचा. त्या वर्षी काँग्रेसच्या अधिवेशनात जहाल आणि मवाळ यांची फाटाफूट झाली आणि भर मंडपात एक दख्खनी जोडा उडाला. तिसरी गोष्ट मात्र मराठी घराघरांत असूनही सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही. लग्नात नेसावयाच्या पैठणीच्या काठापदरास जी जर लागते ती बहुधा सुरतेहून येते. चांदीची कांब भोके पाडलेल्या पोलादी पट्टीतून ओढीत ओढीत केसासारखी बारीक करावयाची, मग ती तार ठोकून चपटी करावयाची, रेशमाच्या धाग्यावर गुंडाळावयाची आणि तिला सोन्याचे पाणी द्यावयाचे, असा हा जुना उद्योग. या उद्योगात पिढ्यानपिढ्या असलेल्या घराण्यांना ‘जरीवाला’ हे आडनाव पडले. अशाच एका घराण्यात ९ जुलै १९३८ रोजी हरिहर जेठालाल जरीवाला यांचा जन्म झाला. पुढे सारा देश त्यांना संजीवकुमार या नावाने ओळखू लागला. परंतु जवळची माणसे त्यांना अखेरपर्यंत ‘हरिभाई’ म्हणूनच हाक मारीत.

जरीचा उल्लेख केवळ आडनावापुरता केलेला नाही. वरून सोन्याची झळाळी, आत चांदी, आणि त्याच्याही आत रेशमाचा साधा धागा, ही जरीची रचना या नटाच्या कामाकडे पाहताना पुष्कळदा आठवते. त्यांच्या समकालीन नायकांपैकी बहुतेकांपाशी झळाळी विपुल होती. रूप, चाल, केसांची ठेवण, संवादफेकीचा डौल यांपैकी एखादी तरी गोष्ट प्रत्येकाने आपली म्हणून राखून ठेवली होती. हरिभाईंपाशी यांतले फारसे काही नव्हते. शरीर स्थूलतेकडे झुकणारे, चेहरा गोल आणि घरगुती, आवाज मोठा नाही. मुंबईच्या लोकलगाडीत शेजारी बसलेला मनुष्य असावा असे त्यांचे रूप होते. पण ज्या चित्रपटात ते असत त्यातला धागा त्यांचा असे.

कुटुंब सुरतेहून मुंबईस आले आणि हरिहर नाटकाच्या नादी लागले. त्या काळी मुंबईत हौशी आणि प्रायोगिक नाटक करणाऱ्या मंडळींना जागेची, पैशाची, कपड्यांची, सर्वच गोष्टींची चणचण असे; तरुणांची तेवढी नसे. १९४३ साली स्थापन झालेल्या ‘इप्टा’ या संस्थेतही विशी-पंचविशीतल्या कार्यकर्त्यांचा भरणा होता. अशा मंडळींत नाटकातला म्हातारा कोणी करावयाचा हा नेहमीचाच पेच. वयस्क माणसे नोकरीधंद्यात अडकलेली आणि तरुणांना नायक व्हावयाचे! आर्थर मिलर यांच्या ‘ऑल माय सन्स’ या नाटकाच्या रूपांतरात तो म्हातारा हरिहर जरीवाला यांच्या वाट्याला आला, तेव्हा त्यांचे वय अवघे बावीस होते. पुढच्याच वर्षी ए. के. हंगल यांनी बसविलेल्या ‘डमरू’ या नाटकात त्यांनी सहा मुलांचा साठीतला बाप उभा केला.

या हंगलांचे चरित्रही येथे थोडे आठवले पाहिजे, कारण गुरु आणि शिष्य यांच्या वयांची अशी उलटापालट चित्रपटाच्या इतिहासात क्वचितच झाली असेल. हंगल यांनी शिवणकामावर पोट भरले, स्वातंत्र्य चळवळीत तुरुंगवास भोगला, आणि चित्रपटात ते शिरले ते पन्नाशीच्या सुमारास. म्हणजे म्हातारपणाच्या उंबरठ्यावर येऊन त्यांनी म्हाताऱ्यांच्या भूमिका सुरू केल्या आणि नव्वदी ओलांडून २०१२ साली ते वारले. त्यांच्या शिष्याने विशीत म्हातारा केला, आणि खरे म्हातारपण त्याला कधी लाभलेच नाही. १९७५ सालच्या ‘शोले’त दोघेही वृद्ध म्हणून एकाच गावात वावरतात. आंधळा इमामसाहेब झालेले हंगल तेव्हा साठीच्या आसपास होते. ठाकूर बलदेवसिंग झालेले संजीवकुमार सदतीस वर्षांचे.

मराठी प्रेक्षकाला तरुणाने वृद्ध होणे नवीन नव्हते. १९४१ साली ‘प्रभात’ने काढलेल्या ‘शेजारी’त गजानन जागीरदार यांनी म्हातारा मिर्झा केला तेव्हा त्यांनी पस्तिशीही गाठली नव्हती. त्याच्याही मागे जावयाचे तर आपली रंगभूमी पुरुषाने स्त्री होण्यावर पोसली आहे. बालगंधर्वांनी तर उतारवयातही तरुण नायिका रंगविल्या. जपानात तोशिरो मिफुने यांनी वयाच्या पस्तिसाव्या वर्षी, १९५५ सालच्या कुरोसावांच्या एका चित्रपटात, अणुबाँबच्या धास्तीने झपाटलेला म्हातारा कारखानदार केला होता. तेव्हा नटाने आपले वय बाजूस ठेवावे ही कल्पना जुनीच. परंतु हिंदी चित्रपटातील नायकाच्या बाबतीत ती धोक्याची होती. नायकाने एकदा केस पांढरे केले की निर्माते त्याला बाप म्हणूनच बोलावू लागतात, आणि बापाचा मेहनताना नायकाच्या मेहनतान्यापेक्षा पुष्कळ कमी असतो. या धंद्यातील हिशेब पाहता हरिभाईंचे धाडस लहान नव्हते.

चित्रपटातील त्यांचा आरंभ अगदी सामान्य होता. फिल्मालयच्या अभिनयशाळेतून ते पडद्यावर आले आणि १९६० सालच्या ‘हम हिंदुस्तानी’त त्यांना किरकोळ भूमिका मिळाली. नायक म्हणून पहिला चित्रपट ‘निशान’, १९६५ सालचा. त्यानंतर पोशाखी आणि मारामारीचे काही चित्रपट झाले. त्यांची नावे आज कोणी काढीत नाही आणि काढण्याचे कारणही नाही. याच सुमारास गुजराती चित्रपटांतही ते काम करीत होते. ‘कलापी’ या १९६६ सालच्या चित्रपटात त्या राजकवीची भूमिका त्यांनीच केली.

कलाटणी मिळाली ती १९६८ साली. ‘शिकार’मधील पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेबद्दल त्यांना साहाय्यक अभिनेत्याचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले; परंतु जाणत्यांचे लक्ष वेधले ते ‘संघर्ष’ने. महाश्वेतादेवींच्या कथेवरून निघालेला, काशीच्या ठगांवरचा हा चित्रपट. त्यात दिलीपकुमार आणि बलराज साहनी असताना तिसऱ्या कोणाकडे पाहण्यास प्रेक्षकाला सवड कशी मिळावी? पण दिलीपकुमार आणि संजीवकुमार समोरासमोर येतात तेथे हा तिशीतला नट अजिबात दबत नाही आणि आवाजही चढवीत नाही. समोरच्याचे वाक्य पुरते ऐकून घेतो, क्षणभर थांबतो, मग बोलतो. हे थांबणे हाच पुढे त्यांच्या अभिनयाचा गाभा झाला.

१९७० साली ‘खिलौना’तील वेड लागलेला कवी लोकप्रिय झाला आणि राजेंद्रसिंग बेदी यांच्या ‘दस्तक’ने राष्ट्रीय पारितोषिक मिळवून दिले. ‘दस्तक’ची कथा मुंबईच्या घरटंचाईतून निघालेली आहे. नवपरिणित जोडप्याला भाड्याने मिळालेली खोली पूर्वी एका नाचणारणीची होती, आणि जुनी गिऱ्हाइके रात्री-अपरात्री दार ठोठावीत राहतात. मुंबईत पागडीपायी किंवा जागेपायी ज्यांची उमेद खचली अशा कितीतरी कारकुनांनी त्या नायकात स्वतःला पाहिले असेल. पत्नीची भूमिका रेहाना सुलतान यांनी केली. राष्ट्रीय पारितोषिक त्यांनाही मिळाले.

दोन वर्षांनी ‘कोशिश’ आला. गुलजार यांनी लिहून दिग्दर्शित केलेला हा चित्रपट मुक्याबहिऱ्या जोडप्याचा आहे; त्याची मूळ प्रेरणा एका जपानी चित्रपटाची. नटाची वाणी काढून घेतली म्हणजे त्याच्यापाशी काय उरते याची ही परीक्षाच होती. या जोडप्याचे पहिले मूल दगावते, ते त्याचे रडणे आईबापांच्या कानी पडू शकत नाही म्हणून. हा प्रसंग पाहताना अंगावर काटा येतो. परंतु संजीवकुमारांचे मोठेपण दिसते ते उत्तरार्धात. मुलगा मोठा झाला आहे, त्याला ऐकू येते, बोलता येते; बाप त्याच्यासाठी मुकीबहिरी मुलगी निवडतो आणि मुलगा नाही म्हणतो. त्या वेळी बापाच्या हातांना संताप आवरत नाही. बोटे भराभर हलतात, खुणा अपुऱ्या पडतात. मुक्या माणसाचे ओरडणे डोळ्यांना ऐकू यावे अशी ती अवस्था आहे. दुसरे राष्ट्रीय पारितोषिक या भूमिकेचे. सबंध चित्रपटात विशीच्या तरुणापासून पिकल्या केसांच्या बापापर्यंत ते जातात, आणि या प्रवासात रंगभूषेचा वाटा फार थोडा आहे. पांढरा टोप कोणालाही घालता येतो! चालताना भार टाचेवर येणे, बसण्याआधी हाताने खुर्ची चाचपणे, कोणी बोलावले तर मान वळण्यापूर्वी आधी नजर वळणे, अशा बारीक गोष्टींनी ते वय उभे करीत.

याच १९७२ सालात एक चमत्कारिक योग जुळून आला. ‘कोशिश’मध्ये जया भादुरी त्यांच्या पत्नी होत्या, गुलजार यांच्याच ‘परिचय’मध्ये त्याच जया भादुरी त्यांच्या कन्या झाल्या. पुढच्या वर्षी ‘अनामिका’त त्या प्रेयसी झाल्या आणि १९७५ साली ‘शोले’त विधवा सून. चार वर्षांत पत्नी, मुलगी, प्रेयसी आणि सून! तरीही प्रेक्षकांना कोठे खटकले नाही. ‘परिचय’मधला बाप हा बड्या घराण्याशी भांडून बाहेर पडलेला संगीतवेडा, दारिद्र्याने आणि आजाराने खंगलेला. त्यांच्या पित्याची भूमिका प्राण यांची. चित्रपटात त्यांना वेळ फार थोडा मिळतो, पण मुले आजोबांशी हट्टाने का वागतात याचे सारे कारण त्या थोड्या वेळात उभे राहावयाचे असते, आणि ते राहते.

‘नया दिन नई रात’ (१९७४) या चित्रपटाचा बोलबाला त्या काळी फार झाला, कारण त्यात त्यांनी नऊ भूमिका केल्या. मूळ तमिळ चित्रपट ‘नवरात्री’ १९६४ सालचा, आणि नऊ भूमिका करणारे शिवाजी गणेशन. नऊ रसांचे नऊ पुरुष अशी कल्पना आहे. खरे सांगावयाचे तर हा चित्रपट प्रदर्शनासारखा वाटतो. एकेक सोंग येते, टाळ्या घेते आणि जाते. जत्रेतल्या बहुरूप्याचे कौशल्य त्यात आहे. ‘कोशिश’मधला एक म्हातारा त्या नवांच्या वरचढ आहे.

१९७५ हे वर्ष त्यांच्या कारकिर्दीचा कळस म्हणावे लागेल. ‘आँधी’त राजकारणात शिरलेल्या पत्नीपासून दुरावलेला हॉटेलचा व्यवस्थापक, ‘मौसम’मध्ये पंचवीस वर्षांनी दार्जिलिंगला परतलेला डॉक्टर, आणि ‘शोले’त हात तोडलेला ठाकूर, तिन्ही एका वर्षातले. ‘आँधी’ आणीबाणीच्या काळात बंद पाडण्यात आला, म्हणून त्याची चर्चा पुष्कळशी राजकीय झाली. सुचित्रा सेन यांच्यासारखी तेजस्वी नटी समोर असता हा मनुष्य मागे सरून उभा राहतो, तिला जागा देतो, आणि या मागे सरण्यातच त्या नवऱ्याचा सारा स्वभाव सांगून जातो. या भूमिकेबद्दल त्यांना फिल्मफेअरचे सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक लाभले. पाठोपाठ हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अर्जुन पंडित’साठी पुन्हा.

ठाकुराविषयी मात्र थोडे अधिक लिहिले पाहिजे. नटाची निम्मी भाषा त्याच्या हातांत असते. राग आला तर मूठ, दुःख झाले तर कपाळाला हात, प्रेमाने पाठीवर हात. हे सारे रमेश सिप्पींच्या या चित्रपटाने त्यांच्यापासून काढून घेतले. ‘कोशिश’मध्ये वाणी गेली तेव्हा हात होते, ‘शोले’त वाणी आहे तर हात नाहीत. खांद्यावरून ओढलेली शाल, ताठ मान, आणि बोलताना कोठेही न हलणारे धड, एवढ्यावर भूमिका चालते. चित्रपटाचा शेवट मूळचा वेगळा होता. त्यात ठाकूर गब्बरला ठार करतो. सेन्सॉर मंडळाच्या आग्रहामुळे तो बदलला आणि पोलिसांनी मध्ये पडून गब्बरला ताब्यात घ्यावयाचे ठरले. सूडासाठीच जिवंत राहिलेल्या माणसाच्या तोंडचा घास काढून घेतल्यासारखे ते झाले. तरीही त्या बदललेल्या शेवटात ठाकुराच्या चेहऱ्यावर जे रितेपण दिसते त्याने तो अन्याय पुष्कळसा भरून निघतो.

दोनच वर्षांनी सत्यजित राय यांनी ‘शतरंज के खिलाडी’ काढला. प्रेमचंदांच्या कथेतील मिर्झा सज्जाद अली संजीवकुमार झाले आणि नबाब वाजिद अली शाह झाले अमजद खान. म्हणजे ठाकूर आणि गब्बर दोघेही रामनगरच्या खडकांतून उठून लखनौच्या गालिच्यावर येऊन बसले! आणि गंमत अशी की ज्याचे हात तेथे तोडले गेले होते त्याला येथे दिवसभर हातांनीच काम. प्यादे उचलावे, घोडा पुढे सरकवावा, हुक्क्याची नळी ओठांशी न्यावी. बाहेर अवध गिळंकृत होते आहे, आत पत्नी खुर्शीद रुसली आहे, आणि मिर्झासाहेबांचे चित्त पटावर. सईद जाफरी यांच्यासारखा विलायतेत मुरलेला नट जोडीला असूनही दोघांच्या कामांत सांधा दिसत नाही.

‘त्रिशूल’ (१९७८) पाहताना जन्मतारखा माहीत असतील तर मौज वाटते. त्यात शशी कपूर हे संजीवकुमारांचे चिरंजीव आहेत. प्रत्यक्षात शशी कपूर यांचा जन्म १८ मार्च १९३८ चा, म्हणजे मुलगा बापापेक्षा जवळजवळ चार महिन्यांनी मोठा! दुसरे चिरंजीव अमिताभ बच्चन बापापेक्षा अवघे चार वर्षांनी लहान. हा बांधकामाचा ठेकेदार तरुणपणी पैशासाठी प्रेयसीला सोडतो आणि म्हातारपणी तिचाच मुलगा त्याला धंद्यात धुळीस मिळवू पाहतो. असा बाप करताना बहुतेक नट पश्चात्तापाचे अश्रू ढाळतात. हरिभाईंनी त्या ठेकेदाराला अखेरपर्यंत ठेकेदारच ठेवले; नुकसान झाले की त्याच्या डोळ्यांत आधी आकडे दिसतात आणि दुःख मागाहून येते.

विनोदातही ते मागे नव्हते. ‘पती, पत्नी और वो’ त्याच १९७८ सालचा. शेक्सपिअरच्या ‘कॉमेडी ऑफ एरर्स’वरून गुलजार यांनी १९८२ साली केलेला ‘अंगूर’ तर आजही कोणीही मधूनच पाहावयास बसावा आणि उठू नये असा आहे. दोन अशोक आणि दोन बहादूर. देवेन वर्मा जोडीला. दोन्ही अशोकांचे कपडे आणि चेहरा एकच, तरी एक संशयखोर आणि दुसरा तापट हे प्रेक्षकाला एका क्षणात कळते. त्याच वर्षीच्या ‘विधाता’त ते पुन्हा दिलीपकुमारांसमोर आले. ‘संघर्ष’ला चौदा वर्षे झाली होती, आता दोघेही पडद्यावर वृद्ध होते, पण त्यांतील एकजण दुसऱ्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान होता.

प्रकृतीने मात्र साथ दिली नाही. हृदयाचे दुखणे घरात होतेच. त्यांचा एक भाऊ त्यांच्याआधी गेला आणि दुसरा त्यांच्यामागून काही महिन्यांतच गेला. त्यांना स्वतःला झटका येऊन गेल्यावर अमेरिकेत शस्त्रक्रियाही झाली. ६ नोव्हेंबर १९८५ रोजी मुंबईत हृदयविकारानेच त्यांचे निधन झाले. वय सत्तेचाळीस. ते अविवाहित होते.

त्यांच्या पश्चात एक कथा पुष्कळ पसरली. आपण म्हातारे होणार नाही हे त्यांना आधीच उमगले होते आणि म्हणून त्यांनी पडद्यावर म्हातारपण भोगून घेतले, असे म्हटले जाऊ लागले. कथा ऐकावयास गोड आहे आणि ऐकणाऱ्याचे मन हेलावते. पण त्यांच्या कामाचा क्रम पाहता ती टिकत नाही. बावीस वर्षांच्या मुलाने ‘ऑल माय सन्स’मधला बाप केला तो मरणाच्या चाहुलीने नव्हे, तर तो त्याला देण्यात आला आणि त्याने तो चोख बजावला म्हणून. पुढे ज्या निर्मात्यांना आणि दिग्दर्शकांना असा नट हवा होता ते त्याच्याकडे येत गेले. मरणानंतर आयुष्य उलटे वाचावयाचे आणि प्रत्येक पानावर शेवट शोधावयाचा, ही लोकांची जुनी खोड आहे. या नटाने जे कष्टाने कमावले ते नियतीच्या खाती जमा करणे हा त्याच्यावर अन्याय होय.

मात्र नियतीचे खेळ म्हणावेत असे प्रकार त्यांच्या नावाभोवती घडले हेही खरे. के. आसिफ यांनी लैला-मजनूच्या कथेवर ‘लव्ह अँड गॉड’ हा चित्रपट १९६३ च्या सुमारास आरंभिला, तेव्हा मजनू होते गुरुदत्त. १९६४ साली गुरुदत्त गेले आणि भूमिका संजीवकुमारांकडे आली. १९७१ साली खुद्द आसिफच गेले आणि चित्रपट डब्यांत पडून राहिला. अखेर १९८६ साली तो जसा होता तसा जुळवून पडद्यावर आला, तेव्हा दुसरा मजनूही हयात नव्हता. आणखी एक चित्रपट, ‘प्रोफेसर की पडोसन’, तर १९९३ सालापर्यंत रेंगाळला. नायक मध्येच गेल्यामुळे कथानकाचा उत्तरार्ध बदलावा लागला आणि अपुरे राहिलेले संवाद सुदेश भोसले यांनी संजीवकुमारांच्या आवाजात म्हटले. डोळे मिटून ऐकणाऱ्यास फरक कळणे कठीण.

१९८५ साली दूरदर्शन संच नुकते मध्यमवर्गीयांच्या घरांत शिरू लागले होते. पुढील वर्षांत ‘कोशिश’, ‘अंगूर’, ‘परिचय’ हे चित्रपट कित्येक घरांतून त्या लहान पडद्यावर पाहिले गेले, आणि ज्यांचा जन्मही त्यांच्या मृत्यूनंतर झाला अशा मुलांना ते म्हातारे म्हणूनच माहीत झाले. हे गृहस्थ पन्नाशीपूर्वीच वारले असे सांगितले तर त्या मुलांना ते खरे वाटत नाही. २०१३ साली भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त डाक खात्याने त्यांचे तिकीट काढले. सुरतेत तापीपलीकडे अडाजण-पाल भागात तेथील महानगरपालिकेने बांधलेले मोठे नाट्यगृह संजीवकुमारांच्या नावाचे आहे. तापीच्या अलीकडे, जुन्या शहरात, जरीचे कारखाने अजून चालतात.